क्विझ सुरू झाल्यावर आलेल्या मुलाला आत कसं घ्यायचं

सर, मॅडम, आमच्याकडून क्विझ बनवून घेऊन ती वर्गात स्वतः चालवणाऱ्या सगळ्यांसाठी हे पत्रक. आम्हाला मदतीसाठी जे फोन येतात त्यात एक प्रश्न सारखा असतो, क्विझ सुरू झालीय, चौथा प्रश्न चाललाय आणि आत्ता एक मुलगा दारात उभाय, त्याला घेता येईल का, की सगळं बंद करून पहिल्यापासून सुरू करू? घाईघाईत विचारतात, मागे वर्गाचा गोंगाट ऐकू येत असतो, म्हणून यावेळी नीट लिहूनच देतोय.

आधी उत्तर देतो मग बाकीचं. घेता येतं, आणि कृपा करून पहिल्यापासून सुरू करू नका. परत सुरू केली की नवीन पिन, म्हणजे मुलं ज्यावरून क्विझमध्ये शिरतात तो आकडा, तयार होतो, आत असलेल्या सगळ्या मुलांना बाहेर पडून पुन्हा यावं लागतं, ज्यांनी चार प्रश्न बरोबर सोडवलेत त्यांचे मार्क गेले म्हणून ती नाराज होतात आणि तेच चार प्रश्न दुसऱ्यांदा आले की उत्तरं आधीच पाठ झालेली असतात. एका मुलासाठी सगळ्या वर्गाची क्विझ वाया जाते आणि तो मुलगा बिचारा सगळ्यांच्या नजरेत गुन्हेगार ठरतो, हे आम्हाला अजिबात बरं वाटत नाही.

कहूटमध्ये काय होतं

बहुतेकांकडे मोबाईलवर क्विझ खेळायचं कहूट हे ॲपच चालतं म्हणून त्याचंच जास्त सांगतो. खेळ सुरू होण्याआधी जी लॉबी, म्हणजे मुलांची नावं जमा होतात ती स्क्रीन, असते तिथे पिन मोठ्या अक्षरात दिसतो, क्यूआर कोडही असतो. खेळ सुरू झाला की पिन नाहीसा होत नाही, फक्त छोटा होतो आणि तुमच्या मोठ्या स्क्रीनवर अगदी खालच्या बाजूला दिसत राहतो. हे खूप जणांच्या लक्षातच येत नाही. प्रोजेक्टरचा पडदा खालून दुमडलेला असेल किंवा पहिल्या बाकावरच्या मुलांची डोकी मध्ये येत असतील तर मागून तो दिसतही नाही, म्हणून आमचं सांगणं असं की लॉबी उघडली की लगेच पिन फळ्याच्या कोपऱ्यात खडूने मोठा लिहून टाका. एवढं केलं तरी निम्मी अडचण संपते कारण उशिरा आलेल्या मुलाला तुम्हाला काही विचारावंच लागत नाही.

मुलाने ब्राऊझरमध्ये कहूट डॉट इट उघडायचं, पिन टाकायचा, नाव टाकायचं, झालं. खातं काढायची गरज नाही. इथे एक गोंधळ नेहमी होतो, मुलं गडबडीत कहूट डॉट कॉम उघडतात, तिथे खातं उघडा वगैरे यायला लागतं, मग ईमेल मागतंय, पासवर्ड मागतंय असं ओरडायला लागतात. तो पत्ता तुमच्यासाठी, म्हणजे क्विझ चालवणाऱ्यासाठी आहे, मुलांसाठी इट वाला. फळ्यावर पिनच्या वर हाही पत्ता लिहा.

आत आल्यावर चालू असलेला प्रश्न हातचा गेला असं धरून चालायचं, पुढच्या प्रश्नापासून तो खेळतो. जे प्रश्न आधी होऊन गेले त्याचे त्याला शून्य, ते परत मिळत नाहीत.

त्याला थोडा वेळ द्यायचा असेल तर प्रश्नाच्या मध्ये काही करता येत नाही कारण घड्याळ चालू असतं, पण प्रश्न संपल्यावर जो गुणफलक येतो तिथे खेळ तुमच्या हातात असतो. तुम्ही नेक्स्ट दाबेपर्यंत पुढचा प्रश्न येत नाही, फक्त आपोआप पुढे जाण्याचं सेटिंग बंद पाहिजे. तिथे वीसेक सेकंद थांबा, तेवढ्यात मागच्या प्रश्नाचं उत्तर तेच का, यावर दोन वाक्यं बोला, वर्गाला शिकवलंही जातं आणि मुलगा आतही येतो.

मार्कांचं गणित

यावर जरा सविस्तर बोलतो कारण पालकांची तक्रार येते ती इथूनच. कहूटमध्ये साध्या प्रश्नाला जास्तीत जास्त १००० गुण असतात आणि ते वेगावर ठरतात. उत्तराला लागलेला वेळ भागिले प्रश्नाचा एकूण वेळ, त्याचं निम्मं, ते १ मधून वजा आणि आलेल्याला १००० ने गुणायचं. म्हणजे २० सेकंदांचा प्रश्न असेल आणि मुलाने २ सेकंदात बरोबर उत्तर दिलं तर ९५०, १० सेकंदात दिलं तर ७५०, अगदी शेवटच्या क्षणी दिलं तरी ५०० च्या आसपास मिळतातच. चुकलं की शून्य.

आता १२ प्रश्नांच्या क्विझमध्ये एखादी मुलगी ४ प्रश्न झाल्यावर आली. पहिल्या नंबरच्या मुलाकडे तोवर ३५०० च्या पुढे गुण असतील आणि तिच्याकडे शून्य. यापुढे दोघांचीही सगळी उत्तरं बरोबर आली तर एका प्रश्नात दोघांत फरक पडून पडून ५०० पेक्षा जास्त पडूच शकत नाही, आणि तोही एक विजेसारखा वेगवान आणि दुसरा अगदी शेवटच्या सेकंदाला असेल तर. खऱ्या वर्गात फरक शंभर दोनशेचा असतो, म्हणजे समोरचा चुकल्याशिवाय ती त्याला गाठू शकत नाही. तिला विषय कितीही येत असला तरी. म्हणून पडद्यावरचा नंबर बघून कोणाला किती येतं हे ठरवू नका, वहीत मार्क तर त्यावरून अजिबात चढवू नका. खेळ संपल्यावर रिपोर्ट उघडा, मुलाच्या नावावर क्लिक करा, त्याने जेवढे प्रश्न सोडवले त्यातले किती बरोबर आले ते बघा. ८ पैकी ७ बरोबर असलेली मुलगी पडद्यावर खाली दिसली तरी तिला विषय येतो, हा सरळ अर्थ आहे.

आणि आमची एक युक्ती, गेल्या काही महिन्यांपासून आम्ही बनवून दिलेल्या प्रत्येक क्विझमध्ये ती आहे, तुमच्या लक्षात आली असेल. पहिले दोन प्रश्न बिनगुणांचे ठेवतो. प्रश्न बनवताना गुणांच्या जागी साधे, दुप्पट आणि गुण नाहीत असे पर्याय असतात त्यातला शेवटचा. हे दोन प्रश्न मागच्या धड्याची उजळणी म्हणून वापरायचे, वर्ग रंगात येतो, मुलं बटणं कशी दाबायची ते बघून घेतात आणि त्या तीन चार मिनिटांत जो आत येतो त्याचं काहीच बुडत नाही. काही सरांनी हे प्रश्न काढून टाकले, उगाच वेळ जातो म्हणाले, पण खरंच काढू नका, उशिरा येणाऱ्यांचा सगळ्यात सोपा इलाज तोच आहे.

पिन टाकला तरी आत येत नाहीये

पिन ओळखता येत नाही असं आलं तर आधी आकडे परत बघा. सहा-सात आकडे घाईत टाकताना एखादा इकडचा तिकडे होतोच. मग बघा की पिन आजचाच आहे ना, कारण प्रत्येक वेळी क्विझ सुरू केली की नवीन पिन मिळतो, कालच्या तासाला काढलेल्या फोटोतला पिन आज चालत नाही, तीच क्विझ असली तरी. ग्रुपवर कोणीतरी जुना फोटो परत टाकतं आणि दहा मुलं तिथेच अडकतात. होस्टवाला, म्हणजे तुम्ही जिथून क्विझ चालवताय तो, टॅब तुमच्याकडून चुकून बंद झाला असेल तर तो खेळ संपला, पिनही गेला.

खेळ लॉक आहे असं आलं तर ते तुम्हीच केलंय, लॉबीत कुलपाचं चिन्ह दाबलं गेलंय. कुलूप वाईट नाही, पिन बाहेर फुटला आणि अनोळखी नावं आत घुसून घाण लिहायला लागली तर कुलूप लावावंच लागतं, पण मुलं अजून यायची असताना सवयीने लावू नका. एखादंच नाव खटकत असेल तर लॉबीत त्या नावावर क्लिक करा, ते बाहेर जातं. दुहेरी सुरक्षा म्हणजे पिननंतर चार चिन्हं क्रमाने दाबायची, जो क्रम दर ७ सेकंदांनी बदलतो, ती चालू असेल तर क्रम समोर दिसल्याशिवाय मुलगा आत येणार नाही. ज्या वर्गात उशीर होतोच तिथे आम्ही ती बंदच ठेवायला सांगतो.

जागा भरली असंही येऊ शकतं. तुमच्या प्लॅनमध्ये किती खेळाडू चालतात ते खात्यात आधी बघून ठेवा, कधी कधी एकाच मुलाने दोन नावांनी येऊन दुसऱ्याची जागा अडवलेली असते.

आणि जो आधी आत होता पण फोन आला, नेट गेलं, टॅब मिटला म्हणून बाहेर पडला, त्याची गोष्ट वेगळी. त्याने त्याच मोबाईलवरून त्याच ब्राऊझरमध्ये परत यायचं, मग बहुतेक वेळा आधीचे गुण तसेच असतात. नवीन नाव टाकलं की मात्र तो नवीन खेळाडू होतो आणि शून्यापासून सुरुवात. मुलं घाबरून लगेच नवीन नाव टाकतात, म्हणून त्यांना आधीच सांगून ठेवा, बाहेर पडलात तर घाबरायचं नाही, आधी पान रिफ्रेश करायचं.

ऑनलाइन तासाला

व्हिडिओ कॉलवर तास असेल तर एक गोष्ट फार होते. उशिरा आलेला मुलगा चॅटमधून पिन घेऊन क्विझमध्ये शिरतो पण त्याच्या मोबाईलवर फक्त लाल त्रिकोण, निळा तिरपा चौकोन, पिवळा गोल आणि हिरवा चौरस दिसतो, प्रश्न कुठेच नाही, कारण प्रश्न तुमच्या शेअर केलेल्या स्क्रीनवर असतो आणि एकाच मोबाईलवर कॉल आणि क्विझ दोन्ही एका वेळी बघता येत नाही. मग तो अंदाजे रंग दाबत बसतो आणि तुम्हाला वाटतं याला काही येत नाही. सेटिंगमध्ये प्रश्न आणि पर्याय खेळाडूंच्या स्क्रीनवर दाखवा असा पर्याय आहे, ऑनलाइन तासाला तो चालू केल्याशिवाय क्विझ सुरूच करू नका. शिवाय कॉलवर चित्र काही सेकंद मागे असतं, म्हणून २० सेकंदांच्या जागी ३० नाही तर ४५ ठेवा, नाही तर ज्याचं नेट संथ त्याचे गुण कमी, हा अन्याय आहे.

बाकीची ॲप

क्विझिझ, ज्याचं नाव २०२५ मध्ये वेग्राउंड झालं, तिथे प्रश्न मुलाच्या स्वतःच्या स्क्रीनवर येतात आणि प्रत्येक जण आपल्या वेगाने जातो. उशिरा आलेला मुलगा पहिल्या प्रश्नापासूनच सुरू करतो, त्याचं काही हुकत नाही, फक्त वेळ कमी पडतो. तिथे काळजी तुम्ही घ्यायची, बहुतेकांचं झालं म्हणून खेळ संपवायचं बटण दाबू नका, त्याचे शेवटचे प्रश्न तसेच राहतात. शिक्षकांच्या वेगाने चालणारा प्रकार निवडला असेल तर मात्र तो वर्गाबरोबरच जातो.

ब्लूकेटमध्ये होस्ट करायच्या आधी उशिरा येणाऱ्यांना परवानगी द्यायची का याचं बटण असतं, ते बघूनच पुढे जा. तिथल्या गोल्ड क्वेस्टमध्ये बरोबर उत्तरावर तीन पेट्यांतून एक निवडायची असते आणि त्यात दुसऱ्याचं सोनं पळवता येतं किंवा अदलाबदल होते, त्यामुळे शेवटी आलेलाही वर जाऊ शकतो. लहान मुलांच्या वर्गात उशीर फार होत असेल तर आम्ही हाच खेळ सुचवतो.

काहीच जमलं नाही, मोबाईलच नाही, चार्जिंग संपलं, प्रश्न दोनच उरलेत, तर त्याला कोणाच्या तरी शेजारी बसवा आणि दोघं मिळून एक उत्तर द्या म्हणा. टीमचा खेळ असेल तर प्रश्नच नाही, टीमला एकच मोबाईल लागतो. नंतर तीच क्विझ घरी सोडवायला द्या, मुदत घालून पाठवता येते, तिचा पिन मुदत संपेपर्यंत चालतो.

मध्यंतरी आमच्यापैकी एक जण एका वर्गात मागे बसून क्विझ बघत होता. पाचव्या प्रश्नाला सहावीतली एक मुलगी आली, दप्तर खांद्यावरच, दारातच थांबली, कारण खेळ चाललाय हे तिला कळलं होतं. मॅडम काही बोलल्या नाहीत, फळ्याकडे बोट दाखवलं आणि गुणफलकावर थांबल्या. शेजारच्या मुलाने स्वतःचा मोबाईल खाली ठेवून तिला पिन वाचून दाखवला, एकेक आकडा. तिचं नाव आत आलं आणि पुढच्याच प्रश्नाला तिच्या स्क्रीनवर हिरवी बरोबरची खूण आली, ती खूण तिने त्या मुलाला वळवून दाखवली. दप्तर तिने त्यानंतर काढलं.

आम्ही क्विझ बनवून पाठवतो तेव्हा सोबत सेटिंगची यादी देतो, त्यात उशिरा येणाऱ्यांसाठीचं सगळं आधीच चालू केलेलं असतं. तुमच्या वर्गात मुलं साधारण किती उशिरा येतात एवढं ऑर्डर देताना सांगा, म्हणजे सुरुवातीचे बिनगुणांचे प्रश्न दोन ठेवायचे की तीन ते आम्ही त्याप्रमाणे ठरवू.