समानार्थी म्हणजे एकाच अर्थाचे नव्हे

शाळेत ‘पाणी म्हणजे जल, नीर, उदक’ असं घोकलेलं असतं. त्यातूनच मजकूर नव्याने लिहिताना यातला कुठलाही शब्द कुठेही चालतो, हा समज पक्का झालाय. तो चुकीचा आहे. चिंच पाहून तोंडाला पाणी सुटतं, जल सुटत नाही. नगरपालिका पाणीपट्टी घेते, पण प्रदूषण म्हटलं की जलप्रदूषण. उदक तर संकल्प सोडतानाच हातावर येतं. प्रत्येक शब्दाचं बिऱ्हाड वेगळं! ‘तुझी वाट पाहिली’ याचं ‘तुझा रस्ता पाहिला’ केलंत, तर लिंग बदलून व्याकरण सांभाळलं जाईल, पण वाट पाहणारा माणूस वाक्यातून नाहीसा होईल. म्हणून शब्द बदलण्याआधी अख्खं वाक्य मोठ्याने वाचा. कान अडखळला, तर जुनाच शब्द राहू द्या.