इंग्रज–पोर्तुगीज युती

इंग्लंड (पुढे ब्रिटन) आणि पोर्तुगाल यांच्यातील लष्करी व राजनैतिक युती. १३७३ च्या तहाने तिची सुरुवात झाली आणि तिचे तह आजही रद्द झालेले नाहीत. सध्या अमलात असलेल्या युतींमध्ये ती जगातील सर्वांत जुनी मानली जाते. पहिल्या महायुद्धात या युतीपायी पोर्तुगाल रणांगणात उतरला. दुसऱ्या महायुद्धात ती कायम ठेवूनच तो तटस्थ राहिला, आणि त्या तटस्थतेचा ब्रिटनला जास्त उपयोग झाला. मुंबई बेट इंग्रजांच्या हाती आले ते या युतीच्या एका तहातून. त्याच तहातील संरक्षणाच्या कलमाची आठवण पोर्तुगालने १९६१ मध्ये गोव्यासाठी करून दिली, तेव्हा ब्रिटनने नकार दिला.

तहांची परंपरा

१६ जून १३७३ रोजी लंडनच्या सेंट पॉल कॅथीड्रलमध्ये इंग्लंडचा तिसरा एडवर्ड आणि पोर्तुगालचा फर्नांदु या राजांच्या वतीने ‘कायमच्या मैत्री’चा तह झाला. इंग्लंड तेव्हा फ्रान्सशी शंभर वर्षांच्या युद्धात गुंतले होते आणि फ्रान्सच्या बाजूचे कॅस्टील हे राज्य पोर्तुगालच्या उशालाच होते. १३८५ मध्ये अल्जुबारोटाच्या लढाईत पोर्तुगीजांनी कॅस्टीलचा पराभव केला, त्यात इंग्रज तिरंदाजही होते. पुढच्याच वर्षी विंडसरचा तह झाला आणि १३८७ मध्ये राजा पहिला जुआंव याने इंग्लंडच्या लँकेस्टर घराण्यातील फिलिपाशी लग्न केले. आफ्रिकेच्या किनाऱ्याने जहाजे पाठवणारा राजपुत्र हेन्री हा या जोडप्याचा मुलगा. वास्को द गामा कालिकतला पोहोचला त्या वाटेची सुरुवात हेन्रीच्या मोहिमांनी झाली होती.

१५८० ते १६४० या काळात पोर्तुगाल स्पेनच्या राजाखाली गेला आणि युती खुंटीला टांगली गेली. १५८८ मध्ये इंग्लंडवर चालून गेलेले स्पॅनिश आरमार लिस्बनहूनच निघाले होते. आपल्याकडेही दोघे एकमेकांवर तोफा डागत होते : १६१२ मध्ये सुरतेजवळ सुवाळीच्या समुद्रात इंग्रजांनी पोर्तुगीजांना मागे हटवले, तर १६२२ मध्ये इराणी फौजेला साथ देऊन इराणी आखाताच्या तोंडावरचे होर्मुझ बेट त्यांच्याकडून काढून घेतले.

स्पेनचे जोखड फेकून दिल्यावर पोर्तुगालला पुन्हा इंग्लंडची गरज भासली. १६६१ च्या तहाने ब्रागांझा घराण्याची कॅथरिन इंग्लंडचा राजा दुसरा चार्ल्स याला द्यायचे ठरले आणि तिच्याबरोबर उत्तर आफ्रिकेतले तांजियर व मुंबई ही ठाणी इंग्रजांना मिळाली. राजाने १६६८ मध्ये मुंबई वर्षाला दहा पौंड भाड्याने ईस्ट इंडिया कंपनीला देऊन टाकली. मुंबईच्या आंदणाची ही हकिकत सर्वांना पाठ असते. त्या तहाला जोडलेले गुप्त कलम मात्र फारसे कोणाला ठाऊक नसते, आणि पुढच्या तीनशे वर्षांच्या दृष्टीने तेच महत्त्वाचे आहे. पोर्तुगालच्या सर्व वसाहतींचे आजच्या आणि पुढे होणाऱ्या सर्व शत्रूंपासून रक्षण करू, असे वचन इंग्लंडच्या राजाने त्यात दिले होते.

या वचनाचा मोठा कस वसईला लागला. चिमाजी अप्पांच्या फौजेने वसईच्या कोटाला वेढा घातला तेव्हा पोर्तुगीजांनी खाडीपलीकडच्या मुंबईकर इंग्रजांकडे मदत मागितली. इंग्रज उघडपणे लढाईत उतरले नाहीत. मराठ्यांशी वैर घेणे मुंबईच्या कंपनी सरकारला परवडणारे नव्हते, आणि शेजारचा पोर्तुगीज प्रतिस्पर्धी दुबळा झाला तर त्यांचे काही बिघडतही नव्हते. मे १७३९ मध्ये वसई पडली.

युरोपात मात्र युती कामाला येत राहिली. १७०३ च्या मेथ्युएन तहाने इंग्रजी लोकरी कापड आणि पोर्तुगीज दारू यांचा व्यापार बांधून दिला. १८०७ मध्ये नेपोलियनची फौज लिस्बनवर आली तेव्हा ब्रिटिश आरमाराच्या संरक्षणात पोर्तुगालचे राजघराणे ब्राझीलला निघून गेले आणि पुढे ब्रिटिश सेनापती वेलिंग्टनने पोर्तुगालच्या भूमीवरूनच फ्रेंचांना रेटत नेले. फ्रेंचांच्या धास्तीने याच सुमारास ब्रिटिशांनी गोव्याच्या किल्ल्यांतही काही वर्षे आपली फौज ठेवली होती. मित्र म्हणून आलेली ही फौज लवकर हलेना, तेव्हा गोव्याचे पोर्तुगीज अधिकारी वैतागले.

पहिले महायुद्ध

एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी या मैत्रीला मोठा तडा गेला. अंगोला आणि मोझांबिक यांच्यामधला प्रदेश जोडून घेण्याची पोर्तुगालची इच्छा होती. जानेवारी १८९० मध्ये ब्रिटनने निर्वाणीचा खलिता देऊन त्याला माघार घ्यायला लावली. या अपमानाने लिस्बनमध्ये राजेशाहीविरुद्ध जी चीड उसळली तिचा शेवट १९१० च्या प्रजासत्ताकात झाला. त्याहून वाईट गोष्ट पडद्याआड घडली. १८९८ मध्ये ब्रिटन आणि जर्मनी यांनी गुप्त करार केला : कर्जबाजारी पोर्तुगालला वसाहती सोडाव्या लागल्या तर त्या आपसात कशा वाटून घ्यायच्या, हे त्यात ठरले. पुढच्याच वर्षी बोअर युद्धाच्या तोंडावर आफ्रिकेच्या दक्षिण भागातली पोर्तुगीज बंदरे महत्त्वाची ठरली आणि ब्रिटनने १६६१ चे संरक्षणाचे वचन पोर्तुगालला नव्याने लिहून दिले. एका हाताने वाटणीचा कागद आणि दुसऱ्या हाताने रक्षणाचा, असे वागणाऱ्या सरकारला मित्र म्हणणे कठीण आहे. पण लहान राष्ट्राकडे निवडीला जागा नव्हती.

१९१४ मध्ये युद्ध पेटले तेव्हा नव्या प्रजासत्ताकातील बरेच पुढारी युद्धात उतरायला उत्सुक होते. तहाच्या मेजावर जागा मिळाली नाही तर वसाहती जातील, ही त्यांची धास्ती होती. ब्रिटन सुरुवातीला त्यांना थोपवत राहिला. मग जहाजांचा तुटवडा पडला. फेब्रुवारी १९१६ मध्ये ब्रिटनने युतीचा हवाला देऊन पोर्तुगीज बंदरांत अडकलेली जर्मन जहाजे ताब्यात घेण्याची विनंती केली, पोर्तुगालने ती मान्य केली आणि ९ मार्च १९१६ रोजी जर्मनीने पोर्तुगालविरुद्ध युद्ध पुकारले.

सुमारे ५५ हजारांचे पोर्तुगीज दल फ्रान्समधल्या फ्लँडर्सच्या खंदकांत जाऊन बसले. घरी सत्तांतर झाले, बदली तुकड्या येणे बंद झाले, शिपाई महिनोन्‌महिने चिखलातून बाहेर पडले नाहीत. ९ एप्रिल १९१८ च्या पहाटे लीस नदीच्या आघाडीवर जर्मन तोफांचा मारा सुरू झाला आणि काही तासांत पोर्तुगीज फळी कोसळली. सुमारे सात हजार माणसे गमावली गेली, त्यांतले बहुतेक कैद झाले. आफ्रिकेत मोझांबिकच्या हद्दीत शिरलेल्या जर्मन फौजेनेही पोर्तुगीजांना दमवले. तिथे हमाली करायला जबरदस्तीने नेलेल्या आफ्रिकन लोकांचे हाल सर्वाधिक झाले. वसाहती वाचल्या, पण आर्थिक आणि राजकीय घडी विस्कटली. १९२६ मध्ये लष्कराने सत्ता घेतली आणि त्यातून आंतोनियु द ओलिवैरा सालाझार यांची हुकूमशाही उभी राहिली.

दुसरे महायुद्ध : तटस्थ मित्र

सप्टेंबर १९३९ मध्ये सालाझार यांनी जाहीर केले की ब्रिटनशी असलेली युती कायम आहे, परंतु तिच्यामुळे पोर्तुगालवर युद्धात उतरण्याची सक्ती येत नाही. ब्रिटननेही तशी मागणी केली नाही. पोर्तुगाल युद्धात आला असता तर फ्रँकोचा स्पेन हिटलरच्या गोटात ढकलला जाण्याची भीती होती, आणि मग स्पेनच्या टोकाचे ब्रिटिश ठाणे जिब्राल्टर धोक्यात आले असते. फ्रान्स पडल्यानंतर तर पोर्तुगालचे रक्षण करण्याइतके बळ ब्रिटनकडे उरलेच नव्हते.

तटस्थ लिस्बनमध्ये निर्वासित, हेर आणि दोन्ही बाजूंचे राजदूत एकाच रस्त्यावर वावरत. खरा झगडा मात्र वुल्फ्रॅम या खनिजावरून चालला. त्यापासून मिळणारे टंगस्टन चिलखतभेदी गोळ्यांसाठी आणि पोलाद कापणाऱ्या हत्यारांसाठी लागते. रशियावर चढाई केल्यावर जर्मनीचा पूर्वेकडचा पुरवठा तुटला आणि तो पोर्तुगालवर विसंबू लागला. पानाश्केइरा येथील सर्वांत मोठी खाण ब्रिटिश कंपनीच्या मालकीची, पण इतर खाणींचा माल जर्मन घेत. भाव कडाडले, शेते सोडून लोक डोंगर खणू लागले. सालाझार यांनी दोघांनाही माल विकला आणि जर्मन सोने पदरात पाडून घेतले. जून १९४४ मध्ये दोस्त राष्ट्रांच्या दबावाखाली ही विक्री त्यांनी पूर्ण थांबवली. तोवर युद्धाचा निकाल दिसू लागला होता, म्हणून या निर्णयाचे श्रेय त्यांना फारसे देता येत नाही.

तिमोर. ऑस्ट्रेलियाच्या उत्तरेकडील तिमोर बेटाचा पूर्व अर्धा भाग, पूर्व तिमोर, ही पोर्तुगीज वसाहत तटस्थ होती. १७ डिसेंबर १९४१ रोजी ऑस्ट्रेलियन आणि डच फौज पोर्तुगीजांची संमती न घेताच ‘दिली’ या तिथल्या बंदरात उतरली. सालाझार यांनी तीव्र निषेध केला. मोझांबिकहून पोर्तुगीज तुकडी आली की ही फौज निघून जाईल, अशी तडजोड झाली. ती तुकडी वाटेत असतानाच फेब्रुवारी १९४२ मध्ये जपानी उतरले. डोंगरांत गेलेल्या मूठभर ऑस्ट्रेलियन सैनिकांनी वर्षभर छापे घातले, ते तिमोरी पोरांच्या जिवावर : ओझी वाहायला, वाट दाखवायला, अन्न मिळवायला तीच होती. सैनिक १९४३ च्या आरंभी ऑस्ट्रेलियाला परतले. मागे राहिलेल्यांनी जपान्यांचा सूड आणि उपासमार सोसली. मृतांचे अंदाज ४० ते ७० हजारांपर्यंत जातात, आणि बेटाच्या त्या अर्ध्या भागाची लोकसंख्याच पाच लाखांच्या आत होती. या युतीच्या इतिहासातला हा सर्वांत काळा भाग आहे आणि युरोपीय वर्णनांत त्याला बहुधा एखादी ओळच मिळते.

मुरगाव. युद्ध सुरू होताच एरनफेल्स, ड्राखेनफेल्स आणि ब्राउनफेल्स ही तीन जर्मन मालवाहू जहाजे आसऱ्याला मुरगाव बंदरात आली. पुढे इटलीचे आनफोराही तिथे अडकले. एरनफेल्सवरच्या बिनतारी यंत्रातून अरबी समुद्रातील जहाजांची खबर जर्मन पाणबुड्यांना जाते, असा ब्रिटिशांचा संशय होता. मित्राच्या बंदरावर उघड हल्ला करता येत नव्हता. म्हणून ब्रिटिशांच्या गुप्त युद्धकार्य विभागाने कलकत्ता लाइट हॉर्स आणि कलकत्ता स्कॉटिश या हौशी पलटणींतली माणसे निवडली : व्यापारी कचेऱ्यांत काम करणारी, बरीचशी वय झालेली. कलकत्त्याहून गाळ वाहणारा फीबी नावाचा पडाव किनाऱ्या-किनाऱ्याने आणला गेला. बरेच जण कोचीनपर्यंत आगगाडीने जाऊन त्यावर चढले. ९ मार्च १९४३ च्या पहाटे ते एरनफेल्सवर शिरले. चकमकीत कप्तान आणि काही खलाशी मारले गेले, जर्मनांनी जहाजाचे झडप-दरवाजे उघडले आणि ते बुडू लागले. ते पाहून इतर तीन जहाजांनाही त्यांच्याच खलाशांनी आगी लावून जलसमाधी दिली. हल्लेखोर सर्व सुखरूप परतले. ब्रिटनने पुढे पस्तीस वर्षे या गोष्टीची वाच्यता होऊ दिली नाही. तटस्थता भंग केल्याचा बोभाटा तेव्हा झाला असता तर त्याच वर्षी लिस्बनमध्ये चाललेली अझोर्सची बोलणी फिसकटली असती.

अझोर्स. अटलांटिकच्या मध्यावर विमानांचा पल्ला पोहोचत नव्हता आणि त्या पट्ट्यात जर्मन पाणबुड्या जहाजांच्या तांड्यांवर तुटून पडत. पोर्तुगालची अझोर्स बेटे तिथून जवळ. गरज पडल्यास ती बळाने घेण्याचाही विचार झाला, पण अखेर ऑगस्ट १९४३ मध्ये करार झाला आणि ऑक्टोबरच्या ८ तारखेला ब्रिटिश फौज तेर्सेरा बेटावर उतरली. १२ ऑक्टोबरला पंतप्रधान विन्स्टन चर्चिल यांनी ब्रिटिश संसदेत ही बातमी दिली, ती १३७३ च्या तहाचा दाखला देऊनच. त्याबदल्यात पोर्तुगालने सर्व वसाहतींवरील आपल्या सार्वभौमत्वाची हमी मिळवली. त्या वसाहतींत राहणाऱ्यांना अर्थातच कोणी विचारले नव्हते.

त्याच महिन्यात मुरगाव बंदराने तटस्थतेचा दुसरा उपयोग पाहिला. ग्रिप्सहोल्म या स्वीडिश जहाजातून अमेरिकेतले जपानी नागरिक आणि तेइया मारू या जपानी जहाजातून आशियात अडकलेले अमेरिकी व इतर नागरिक तिथे आले. दोन्हीकडची सुमारे दीड-दीड हजार माणसे धक्क्यावरून आपापल्या देशाकडे जाणाऱ्या जहाजात चढली. सात महिन्यांपूर्वी चार जहाजे जिथे बुडाली होती, त्याच पाण्यात शत्रुराष्ट्रांची जहाजे ही अदलाबदल होईपर्यंत शेजारी-शेजारी उभी होती.

गोवा, १९६१

१९४९ मध्ये दोन्ही देश नाटोचे संस्थापक सदस्य झाले. भारत स्वतंत्र झाल्यावर सालाझार यांनी गोवा, दमण, दीव सोडायला साफ नकार दिला. १८ जून १९४६ रोजी डॉ. राममनोहर लोहिया यांनी मडगावात सत्याग्रहाची ठिणगी टाकली होती. १९५५ मध्ये सरहद्द ओलांडणाऱ्या निःशस्त्र सत्याग्रहींवर पोर्तुगीजांनी गोळ्या झाडल्या. लिस्बनचा भरवसा १६६१ आणि १८९९ च्या वचनांवर होता. डिसेंबर १९६१ मध्ये भारतीय फौजा सरहद्दीवर जमू लागल्या तेव्हा सालाझार यांनी ब्रिटनकडे मदत मागितली. राष्ट्रकुलातील देशाविरुद्ध आपण लढू शकत नाही, असे ब्रिटनने कळवले आणि ब्रिटिश विमानतळांच्या वापराबाबतही पोर्तुगालच्या पदरी निराशाच आली. १८ डिसेंबरला कारवाई सुरू झाली, १९ तारखेला पोर्तुगीज गव्हर्नर जनरलने शरणागती पत्करली. सुरक्षा परिषदेत ब्रिटनने पाश्चात्त्य देशांच्या युद्धबंदीच्या ठरावाला पाठिंबा दिला. तो सोव्हिएत नकाराधिकाराने पडला. जानेवारी १९६२ मधील भाषणात सालाझार यांनी ब्रिटनवर कडवट टीका केली. परंतु गोमंतकीयांचा स्वातंत्र्याचा हक्क दोन राजांच्या गुप्त कलमात बांधून ठेवणे मुळातच अन्यायाचे होते आणि त्या दिवशी ते कलम पाळले गेले नाही, हे योग्यच झाले.

युती त्यानंतरही संपली नाही. १९७४ च्या क्रांतीने पोर्तुगालची हुकूमशाही गेली, वसाहती स्वतंत्र झाल्या. १९८२ च्या फॉकलंड युद्धात पोर्तुगालने ब्रिटनला अझोर्सच्या तळाचा वापर देऊ केला. जून २०२३ मध्ये दोन्ही देशांनी १३७३ च्या तहाची ६५० वर्षे साजरी केली.