डॅनिश ज्यूंचं स्वीडनला पलायन (१९४३)

जर्मन ताब्यातल्या डेन्मार्कमधले बहुतेक ज्यू ऑक्टोबर १९४३ मधे मासेमारीच्या होड्यांतून ओरेसुंड सामुद्रधुनी ओलांडून तटस्थ स्वीडनला निसटले. आकडे अंदाजेच धरायचे, सुमारे ७,२०० ज्यू आणि त्यांचे ७०० च्या आसपास बिगर-ज्यू नातेवाईक.

९ एप्रिल १९४० ला जर्मन घुसले तरी डॅनिश सरकार चालू राहिलं, त्यामुळे ज्यूविरोधी कायदे इथे आलेच नाहीत. (ज्यूंना सक्तीने लावायला लागणारा पिवळा तारा राजाने स्वतः लावला ही फेमस गोष्ट खोटी आहे, तसा हुकूमच डेन्मार्कमधे कधी निघाला नव्हता.) पुढे संप आणि घातपात वाढले, २९ ऑगस्ट १९४३ ला लष्करी कायदा लागला, सरकार पायउतार झालं आणि ते संरक्षण संपलं.

त्यानंतर ठरलेल्या ज्यूंच्या धरपकडीची बातमी कोणी आणि का फोडली यावर मात्र अजून एकमत नाही. डेन्मार्कमधला जर्मन प्रतिनिधी वेर्नर बेस्टनेच ८ सप्टेंबरला बर्लिनला तार करून कारवाई सुचवली, आणि तारीख त्याच्याच हाताखालच्या जहाजवाहतूक अधिकाऱ्याला, गेओर्ग डुकविट्झला कळली, त्याने २८ सप्टेंबरला ती सोशल डेमोक्रॅट नेते हान्स हेडटॉफ्ट वगैरेंना सांगितली, नि दुसऱ्या दिवशी सकाळी रब्बी (ज्यू धर्मगुरू) मार्कुस मेल्खिओर यांनी सिनेगॉगमधे, म्हणजे ज्यूंच्या प्रार्थनास्थळात, सगळ्यांना लपायला सांगितलं. काही अभ्यासक म्हणतात बेस्टने मुद्दाम कानाडोळा केला, कारण ज्यू गेले की काम झालं आणि डॅनिश शेतमालाचा पुरवठाही बिघडणार नाही. दुसरे सगळं श्रेय डुकविट्झच्या धाडसाला देतात. बंद दारं फोडू नका असा जर्मन पोलिसांना आदेश होता हे बघता पहिलं मत जास्त पटतं, तरी बेस्टने युद्धानंतर स्वतःच्या बचावात जे सांगितलं ते जपूनच घ्यावं.

१ ऑक्टोबरच्या रात्री छापे पडले तेव्हा बहुतेक घरं रिकामी होती. लोक ओळखीपाळखीत, चर्चमधे, कोपनहेगनच्या बिस्पेब्येर्ग हॉस्पिटलमधे लपले आणि किनाऱ्याकडे सरकले. कोळ्यांचं भाडं माणशी सरासरी हजार क्रोनरच्या घरात सांगतात, सुरुवातीला बरंच जास्त, ते भागवायला वर्गणी काढावी लागली. होडी पकडली गेली तर कोळ्याच्या हातून जायची, हेही खरंच. होड्या हुंगणाऱ्या जर्मन कुत्र्यांचं नाक बधिर करायला वाळलेलं रक्त आणि कोकेनची पूड रुमालावर टाकत. गिलेलाये गावात चर्चच्या माळ्यावर लपलेले ८० च्या आसपास लोक मात्र पकडले गेले.

एकूण साधारण ४७० जण थेरेझिएनश्टाटच्या नाझी छावणीत नेले गेले, त्यातले ५० च्या आसपास तिथे मेले, उरलेल्यांना एप्रिल १९४५ मधे स्वीडिश रेड क्रॉसच्या पांढऱ्या बसमधून स्वीडनला आणलं.