आईच्या आवाजातला डॉन

'त्याच्या मागे कुणी गॉडफादर नाही' हे वाक्य मराठी वर्तमानपत्रांत आमदारापासून नवख्या नटापर्यंत कुणाबद्दलही छापून येतं. हा शब्द जगभर ज्याच्यामुळे झाला, तो 'द गॉडफादर' या कादंबरीचा अमेरिकन लेखक मारिओ पुझो स्वतः मात्र गळ्यापर्यंत कर्जात होता, आणि त्याच्या मागेही कुणी नव्हतं.

पुझोचा जन्म १९२० चा, न्यू यॉर्कमधल्या हेल्स किचन या गरीब वस्तीतला. आईवडील दक्षिण इटलीतून आलेले, निरक्षर. वडील रेल्वेत रुळांवर कामाला. मारिओ बारा वर्षांचा असताना त्यांना मनोरुग्णालयात ठेवावं लागलं आणि सात मुलांचा गाडा आईने एकटीने ओढला. पोराने रेल्वेत कारकून व्हावं, यापलीकडे तिची उडी नव्हती.

दुसऱ्या महायुद्धात सैन्यात भरती, मग युद्धानंतरच्या जर्मनीवर 'द डार्क अरेना' (१९५५) आणि स्वतःच्या वस्तीवर 'द फॉर्च्युनेट पिलग्रिम' (१९६५). समीक्षकांनी पाठ थोपटली, पण दोन्ही पुस्तकांचे मिळून हातात आले साडेसहा हजार डॉलर. देणं वीस हजारांचं: नातेवाईक, बँका, सावकार, शिवाय जुगाराचे बुकी. घरी बायको आणि पाच मुलं. पोटासाठी तो पुरुषांच्या मासिकांत मारिओ क्लेरी या नावाने युद्धाच्या साहसकथा पाडत होता. 'पिलग्रिम'मध्ये माफिया आणखी थोडा असता तर पुस्तक खपलं असतं, असं एका संपादकाने सुनावलं होतं. पुझोने ते नीट ऐकून घेतलं.

माल तयारच होता. १९६३ मध्ये माफियातल्याच जोसेफ वलाचीने अमेरिकी सिनेटच्या समितीपुढे साक्ष देऊन माफियाचं आतलं जग उघड केलं होतं. पुझोला खराखुरा गुंड कधी भेटला नव्हता. सगळं वाचून लिहिलं, असं त्याने पुढे कबूलच केलं. 'गॉडफादर' हा शब्दही लहानपणचा. आपण वडिलांच्या मित्राला काका म्हणतो, तसे इटालियन घरांत जवळच्या माणसाला गॉडफादर म्हणत. गुन्हेगारांच्या म्होरक्याला तो लावला आपणच, असं तो सांगे.

'द गॉडफादर'साठी पुटनम प्रकाशनाने पाच हजार डॉलर आगाऊ दिले. कादंबरी पुरी होण्याआधीच पॅरामाउंट या फिल्म स्टुडिओने साडेबारा हजारांत सिनेमाचा हक्क अडकवून ठेवला. थांब, जास्त मिळतील, असं एजंट सांगत होते. पुझोच्या मते हे पाण्याखाली असलेल्याला खोल श्वास घ्यायला सांगण्यासारखं होतं. त्याने सही केली.

१९६९ मध्ये पुस्तक आलं आणि न्यू यॉर्क टाइम्सच्या यादीत ६७ आठवडे राहिलं. पॉकेट आवृत्तीचे हक्क चार लाख दहा हजारांना गेले, तेव्हा त्याने आईला फोन केला. ''चाळीस हजार?'' तिने विचारलं. नाही, चार लाख दहा हजार. पुन्हा पुन्हा सांगितल्यावर आकडा तिच्या डोक्यात शिरला, तेव्हा ती एवढंच म्हणाली, ''कुणाला बोलू नकोस.''

कादंबरीतला माफियाचा म्होरक्या डॉन कॉर्लिओने दुसरं काय म्हणाला असता?

सिनेमातल्या डॉनच्या भूमिकेसाठी नट मार्लन ब्रँडोला पहिलं पत्र पुझोनेच लिहिलं. स्टुडिओला तो नको होता. दिग्दर्शक फ्रान्सिस फोर्ड कपोलासोबत लिहिलेल्या पटकथेला ऑस्कर मिळालं, १९७४ च्या दुसऱ्या भागालाही. त्यानंतर पटकथा शिकावी म्हणून त्याने एक पुस्तक विकत घेतलं, तर त्यात पहिल्याच प्रकरणात सल्ला: 'गॉडफादर'चा अभ्यास करा. त्याने 'सुपरमॅन'ही लिहिला. आपल्याकडे फिरोज खानचा 'धर्मात्मा' (१९७५) आणि रामगोपाल वर्माचा मुंबईतला 'सरकार' (२००५) याच घराण्यातले.

१९९९ मध्ये पुझो गेला. त्याच्या लेखी त्याचं सर्वांत चांगलं पुस्तक शेवटपर्यंत 'फॉर्च्युनेट पिलग्रिम'च. त्यातली करारी लुसिया सांता म्हणजे त्याची आई. डॉनचे संवाद लिहिताना आपल्याला तिचाच आवाज ऐकू यायचा, असं तो म्हणे. १९८८ मध्ये या कादंबरीवर टीव्ही मालिका झाली, तेव्हा ती भूमिका केली सोफिया लॉरेनने.