भर दुपारचा सूर्य, सेक्स्टंट आणि परातभर काकवी

ताऱ्यांवरून समुद्रात वाट काढायची म्हटलं की लोक आधी व्याध-अगस्ती-अभिजित पाठ करायला बसतात, मग ती आकड्यांनी खच्चून भरलेली नाविक पंचांगं बघतात आणि तिथेच गार होतात. माझं ऐकाल तर ताऱ्यांना सध्या हातच लावू नका, भर दुपारच्या सूर्यापासून सुरुवात करा.

मे महिन्यात मुंबईत शून्य सावलीचा दिवस येतो तो आपल्याला माहितीये. त्या दुपारी सूर्य बरोबर डोक्यावर असतो, म्हणजे तो विषुववृत्ताच्या जितका उत्तरेला तितकेच आपणही, साधारण १९ अंश. झाला की अक्षांश! बाकीच्या दिवशी सूर्य डोक्यापासून किती ढळलाय तेवढं फक्त मोजायचं. उदाहरणार्थ २२ डिसेंबरला मुंबईत दुपारी सूर्याची उंची (म्हणजे क्षितिजापासूनचा कोन) भरते सुमारे ४७.६ अंश, ९० मधून वजा केली की ४२.४, म्हणजे सूर्य डोक्यापासून तेवढा दक्षिणेला, त्यातला २३.४ अंश तो स्वतःच विषुववृत्ताच्या दक्षिणेला गेलेला (हा आकडा नाविक पंचांगात रोजचा मिळतो), उरले १९. एवढंच गणित आहे, चौथीतलं पोरगं करेल.

मोजायला सेक्स्टंट. त्यातले दोन आरसे सूर्याला अलगद खाली आणून क्षितिजावर टेकवतात आणि पट्टीवर कोन वाचायचा. पण मुंबईकराची गोची अशी की समुद्र पश्चिमेला आणि दुपारचा सूर्य दक्षिणेला, तिथे क्षितिज कुठलं, बिल्डिंगा! त्यावर जुना जुगाड आहे, गच्चीत परातीत काकवी ओतायची (पाणी नको, वाऱ्याने लगेच हलतं) आणि वरचा सूर्य काकवीतल्या सूर्यावर तंतोतंत बसवायचा. कोन दुप्पट येतो, तो अर्धा करायचा. मात्र सेक्स्टंट साधारण १२० अंशांपर्यंतच मोजतो, त्यामुळे सूर्य ६० अंशांच्या वर गेला की ही युक्ती संपली, मुंबईत ती ऑक्टोबरअखेर ते फेब्रुवारीच्या विसाव्या तारखेपर्यंतच चालते. आणि दोन्हीकडच्या काळ्या काचा लावल्याशिवाय डोळा लावायचा नाही, यात चेष्टा नाही.

रेखांश मात्र घड्याळाचं काम. पृथ्वी ४ मिनिटांत १ अंश फिरते, आपली प्रमाणवेळ ८२.५ अंशांवरची, मुंबई ७२.८ वर, म्हणून इथे खरी दुपार, म्हणजे सूर्य सगळ्यात उंच असतो तो क्षण, सरासरी १२:३९ ला होते. सरासरी म्हणतोय कारण नोव्हेंबरच्या सुरुवातीला ती १२:२२ ला येते आणि फेब्रुवारीच्या मध्यात १२:५३ ला, पृथ्वीची कक्षा लंबगोल आणि अक्ष कललेला म्हणून, हा फरकही पंचांगातून घ्यायचा. माथ्यावर आला की सूर्य थोडा वेळ तिथेच रेंगाळल्यासारखा वाटतो, नेमका क्षण पकडता येत नाही. म्हणून दुपारच्या आधी एक उंची वेळेसकट टिपून ठेवायची, नंतर सूर्य उतरताना त्याच उंचीवर आला की पुन्हा वेळ टिपायची, दोन्हींचा मध्य काढला की झाली खरी दुपार, आणि तिच्या वेळेवरून हेच गणित उलटं केलं की रेखांश.

घड्याळ ४ सेकंद चुकलं तर विषुववृत्तावर आपण १ सागरी मैल चुकतो. ब्रिटिश सरकारने १७१४ साली रेखांशासाठी २०,००० पौंडांचं बक्षीस लावलं ते उगाच नाही, आणि शेवटी जॉन हॅरिसन नावाच्या सुताराच्या पोराने जहाजावर टिकेल असं घड्याळ बनवून दाखवलं.

जीपीएस असताना हे कशाला, असं कोणी विचारलंच तर २०१८ ची गोल्डन ग्लोब रेस आठवा. एकट्याने जगप्रदक्षिणा आणि जीपीएसवर बंदी, आपले दर्यावर्दी अभिलाष टॉमी त्यात गोव्यात बांधलेली ‘थुरिया’ ही शिडाची बोट घेऊन उतरले होते. रेस होती रॉबिन नॉक्स-जॉन्स्टन यांच्या १९६८-६९ च्या एकट्याने, न थांबता केलेल्या जगप्रदक्षिणेच्या आठवणीत, आणि त्यांची बोट ‘सुहैली’ बांधली गेली होती आपल्या मुंबईत, सागवानात!

दुपार जमली की मग तारे. ध्रुवताऱ्याची उंची म्हणजे जवळपास अक्षांशच, पाऊण अंशाच्या आतबाहेर. बाकी ताऱ्यांना मात्र वेळ फार कमी मिळतो, तारे आणि क्षितिज दोन्ही एकदम दिसायला हवेत आणि आपल्याकडे संधिप्रकाशात तशी जेमतेम २०-२५ मिनिटं असतात. पौर्णिमेच्या आसपास चांदण्यात क्षितिज दिसतं म्हणून मोह होतो, पण ते बऱ्याचदा फसवं निघतं, त्यावर मोजलेला आकडा बाजूला ठेवलेला बरा.