प्रोस्टेट उपचारांनंतरची लघवीगळती

पुरुषांच्या मूत्राशयाखाली असलेल्या प्रोस्टेट ग्रंथीवरील शस्त्रक्रियेनंतर किंवा किरणोपचारांनंतर लघवीवरचा ताबा काही काळ, क्वचित कायमचा, सुटतो. कर्करोगासाठी संपूर्ण ग्रंथी काढली की मूत्राशयाच्या तोंडाशी असलेल्या आतल्या स्नायुवलयालाही इजा होते आणि लघवी रोखण्याचा भार बाहेरच्या वलयावर येतो. मग कॅथेटर (लघवीसाठी घातलेली नळी) निघाल्यावर खोकताना, शिंकताना, खुर्चीतून उठताना लघवी ठिबकते. स्नायू थकल्यामुळे संध्याकाळी जास्तच. नुसत्या वाढलेल्या ग्रंथीवर दुर्बिणीतून केलेल्या शस्त्रक्रियेनंतर बहुधा काही आठवडे घाईची लघवी होते. किरणोपचारांचा त्रास वर्षांनंतरही उद्भवू शकतो.

बहुतेकांना 3 ते 12 महिन्यांत चांगला फरक पडतो, मात्र ओटीपोटाच्या तळाच्या स्नायूंचा व्यायाम नेमाने हवा. अमेरिकी डॉक्टर आर्नोल्ड केगेल यांनी 1948 मध्ये स्त्रियांसाठी मांडलेला हा व्यायाम पुरुषांनाही लागू पडतो. वारा सरू नये म्हणून आवळतो तोच भाग 5 ते 10 सेकंद आवळून तेवढाच वेळ सैल सोडायचा. असे 10 वेळा, दिवसातून तीनदा. योगाभ्यासी पुणेकरांना मूलबंध (गुदद्वाराजवळचे स्नायू आवळण्याची योगक्रिया) सांगितला की हे चटकन उमगते, पण इथे श्वास रोखायचा नाही आणि पोट, मांड्या ताणायच्या नाहीत. शस्त्रक्रियेआधीच शिकून घेणे उत्तम. कॅथेटर असताना मात्र हा व्यायाम करू नये.

गळतीच्या भीतीने पाणी तोडणे ही सर्रास होणारी चूक. दाट लघवीने मूत्राशय आणखी चिडते. कमी करायचा तो चहा-कॉफीचा फेरा, बद्धकोष्ठताही टाळावी. पॅड ओला होताच बदलावा, त्वचा धुऊन कोरडी करावी.

पुण्यात बागांमधले हास्यक्लब, पर्वतीच्या पायऱ्या, बालगंधर्वचे नाटक हा अनेक ज्येष्ठांचा दिनक्रम. हसणे आणि चढणे या दोन्हींत पोटावर दाब येतो, म्हणून काही जण गुपचूप घरी बसतात, डॉक्टरांनाही सांगत नाहीत. खरे तर पॅड लावून हे सारे चालू ठेवता येते. अडचण वेगळीच आहे: पुरुषांच्या स्वच्छतागृहात वापरलेला पॅड टाकायला डबा क्वचितच असतो. अशी सोय होईपर्यंत झोळीत कागदी पिशवी आणि जादा पॅड ठेवावा. डब्याची सोय महापालिकेने आणि नाट्यगृहांनी करायलाच हवी.

घाईच्या लघवीवर गोळ्या आहेत. साधारण वर्षभरानंतरही गळती त्रासदायक राहिली, तर मूत्ररोगतज्ज्ञ मूत्रमार्गाला आधार देणारी पट्टी किंवा कृत्रिम स्नायुवलय बसवू शकतात. हे वलय अंडकोशातला छोटा पंप दाबून उघडतात. ताप, लघवीत रक्ताच्या गाठी, किंवा पोट फुगून लघवी नुसती थेंबथेंब येणे, यांपैकी काहीही दिसल्यास त्याच दिवशी रुग्णालय गाठावे.