तायप्पाच्या लुगड्यामागचा इतिहास

२००९ साली राजीव पाटील यांचा ‘जोगवा’ आला तेव्हा उपेंद्र लिमये यांनी नेसलेल्या लुगड्याचीच जास्त चर्चा झाली. देवीला सोडलेल्या तायप्पाच्या त्या भूमिकेला राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला. देवाला माणसं सोडण्याचं हे दुखणं मात्र फार जुनं. खंडोबाला मुली वाहण्याच्या, म्हणजे मुरळ्या सोडण्याच्या चालीला जोतीराव फुल्यांनी विरोध केला होता आणि मुंबई इलाख्यात देवदासी संरक्षण कायदा १९३४ सालीच झाला होता.

त्याच सुमारास पुण्यात ‘प्रभात’ ही चित्रपटसंस्था संतपट काढत होती. १९३६च्या ‘संत तुकाराम’मधला सालोमालो तुकोबांचे अभंग स्वतःच्या नावावर खपवतो. प्रेक्षक त्याला हसले, चिडलेही. पण दोष एका लबाड माणसाचा, रूढी सहीसलामत! पुढच्याच वर्षी ‘कुंकू’मधली नीरा म्हाताऱ्या नवऱ्याशी संसार करायला साफ नकार देते. माझ्या मते त्या काळातला सर्वांत धीट सिनेमा तोच. नंतर बराच काळ मराठी पडदा या वाटेला फारसा गेला नाही. ‘उंबरठा’ (१९८२) हा ठळक अपवाद, पण तिथं प्रश्न घर आणि संस्थेचा होता, देवाचा नव्हता.

देवाचा प्रश्न तोवर चळवळीनं आणि साहित्यानं हाती घेतला होता. गडहिंग्लज भागात देवदासींची चळवळ उभी राहिली. त्याच मातीतल्या राजन गवसांनी ‘चौंडकं’ आणि ‘भंडारभोग’ लिहिल्या. या कादंबऱ्या आणि चारुता सागरांची ‘दर्शन’ ही कथा ‘जोगवा’च्या मुळाशी आहेत.

त्यातली प्रथा कर्नाटकातल्या सौंदत्तीच्या यल्लम्मा देवीची. केसांत जट झाली की देवीचं बोलावणं आलं म्हणायचं. विंचरणं, धुणं बंद, म्हणजे जट वाढतच जाणार. मग गळ्यात दर्शन म्हणजे देवीच्या नावाची मण्यांची माळ बांधायची, डोक्यावर जग म्हणजे देवीची परडी द्यायची आणि चौंडकं या तंतुवाद्याच्या तालावर दारोदार जोगवा मागायचा. पुरुषाला सोडलं तर तो जोगता. त्यानं लुगडं नेसायचं, लग्नाचं नाव काढायचं नाही. बाई सगळ्या गावाची आणि पुरुष कुणाचाच नाही, असा हा हिशेब. तो मांडायला ‘जोगवा’ला सालोमालो लागला नाही. सोडणारी घरचीच माणसं असतात.

महाराष्ट्राचा देवदासी प्रथा निर्मूलनाचा कायदा २००५ सालचा, म्हणजे सिनेमाच्या जेमतेम चार वर्षं आधीचा. ‘जोगवा’नंतर दोन वर्षांनी ‘देऊळ’ आला. त्यात गुराख्याला दत्त दिसतो आणि गावाचा बाजार होतो. तिथंही एकटा कुणी खलनायक नाही. प्रसादाचं दुकान टाकणाऱ्यापासून पुढाऱ्यापर्यंत सगळेच वाटेकरी.